तिसरा टेक, सहावा टेक

अर्मेल त्रेविदिकचा चेहरा अख्ख्या फ्रान्सच्या ओळखीचा होता, नाव मात्र कुणाला आठवायचं नाही. तीस वर्षांत पडद्यावर तो एकोणीस वेळा पोलीस कमिशनर झाला, आठ वेळा नोटरी, चार वेळा खाटीक. बाजारात एकदा एका बाईनं त्याला थांबवून विचारलं, "तुम्हीच ना आमचं वॉशिंग मशीन दुरुस्त करून गेलात?"

"हो," अर्मेल म्हणाला. "नीट चालतंय ना?"

मी ऑदेत, सिनेमाची संकलक. पन्नाशी उलटल्यावर अर्मेलनं स्वतः सिनेमा दिग्दर्शित करायचं ठरवलं, तेव्हा संकलनाला मला बोलावलं. गोष्ट त्याच्या गावचीच, दुआर्नने बंदरातली. सार्डिन मासे डब्यात भरायचा कारखाना बंद पडतो, तरी मुकादम रोज सकाळी कामावर जायच्या वेळेला कॅफेत येऊन बसतो. मुकादम तो स्वतः. कॅफेतली गर्दी म्हणजे गावातलीच माणसं, आणि त्यांच्यात त्याची बायको जोसियान. शाळेत भूगोल शिकवायची. "मी आपली फुकटची कॉफी प्यायला आलेय," असं सगळ्यांना सांगत होती.

सप्टेंबरमध्ये चित्रीकरण संपलं. ऑक्टोबरात जोसियान वर्गात शिकवता शिकवता कोसळली. मेंदूत रक्तस्राव. दोन दिवसांत गेली.

गुरुवारी तिला पुरलं. सोमवारी सकाळी नऊ वाजता अर्मेल पॅरिसला माझ्या संकलनाच्या खोलीच्या दारात उभा. गुळगुळीत दाढी केलेली, इस्त्रीचा शर्ट.

"अरे, कशाला आलास? थांबू की महिनाभर."

"थांबून काय करू? कॅफेचा प्रसंग लाव."

लावला. तिसऱ्या टेकमध्ये मुकादम कॅफेवाल्याला सांगतोय की कारखाना आता उघडायचा नाही, आणि मागच्या टेबलावर जोसियान थेट कॅमेऱ्यात बघून फिस्सकन हसते, मग तोंडावर हात ठेवते. सहाव्या टेकमध्ये एक जाडजूड कोळी तिच्या पुढ्यात आलाय. फक्त तिचं कोपर दिसतं.

"सहावा घे," अर्मेल म्हणाला.

"तिसरा ठेवू या ना. कोण बघतंय मागं?"

"बघतील. बाई हसतेय."

"बाई? अरे, जोसियान आहे ती!"

"दिसतंय मला. त्या सकाळी त्या कॅफेत कुणी हसलं नसतं, ऑदेत. सहावा घे."

मी सहावा घेतला. संतापले होते. तो शेजारी बसून पुढच्या प्रसंगाचे कागद चाळत होता.

दुपारी खाली जेवायला गेलो. त्यानं माशाचा एकेक काटा काढून ताटाच्या कडेला लावला, सगळं संपवलं, पावानं ताट पुसून घेतलं. मग म्हणाला, "कमिशनरचं काम करताना कुणाच्या तरी बायकोला नवरा मेल्याचं सांगायचो. तेव्हा पोटात काहीतरी हलायचं. आता काहीच होत नाही. पायाला मुंग्या आल्यावर कसं होतं, तसं सगळं."

"रडून घे रे एकदा."

"आलं तर रडेन की. अडवलंय कुणी?"

सिनेमा पॅरिसमध्ये तीन आठवडे चालला, दुआर्ननेत दोन महिने. लोकांनी पडद्यावर एकमेकांना ओळखून आरडाओरडा केला. अर्मेलनं सगळ्यांशी हात मिळवले, सफरचंदाची सायडर प्यायला आणि पुढच्या सोमवारी विसावा कमिशनर व्हायला निघून गेला. त्यानंतर त्यानं आणखी दोन सिनेमे दिग्दर्शित केले, दोन्ही मीच जोडले. कामात चोख. घरचं काही विचारलं की म्हणायचा, "ठीक आहे," आणि खरंच ठीक दिसायचा.

सात वर्षांनी एका दुपारी त्याचा फोन आला. एका विनोदी सिनेमात नवरीच्या आजोबांचं काम करत होता. लग्नाच्या जेवणात आजोबांची टाय सूपच्या वाटीत बुडते, एवढाच प्रसंग.

"आज रडलो," तो म्हणाला. "भलत्याच जागी. टाय सूपमध्ये गेली आणि सुरूच झालं. थांबेना."

"मग?"

"दिग्दर्शक चांगला पोरगा आहे. म्हणाला, आजोबा, इथं रडायचं नाहीये. मी म्हटलं, माफ कर. टाय बदलली, दुसरा टेक दिला."

"आणि आता कसं वाटतंय?"



"दमलोय," तो म्हणाला. "उद्या सहाला मेकअपला बसायचंय."

तो दुसरा टेकच सिनेमात राहिला. मी तो थिएटरात पाहिला. लोक पोट धरून हसत होते.