टक्क्याच्या खुणांआडचा शब्द

ऐंशीच्या दशकात सिल्वासातल्या आमच्या धाग्याच्या कारखान्यात जपानहून एक मशीन आले. ते उभारणाऱ्या जपानी फिटरने मला बटणांवरची काताकाना अक्षरे शिकवली. शब्द बहुतेक इंग्रजीच होते, फक्त जपानी तोंडातून आलेले. स्टॉपचे ‘सुतोप्पु’ झालेले. मी वाचायचो आणि मशीनचा ऑपरेटर, धुळ्याकडचा माणूस, बारीक कुंचल्याने खाली देवनागरी रंगवायचा. रद्दी धाग्याच्या डब्यावर मात्र मी सांगितलेला शब्द त्याला पटला नाही. त्याने सरळ ‘भंगार’ लिहिले.

नव्वदचे दशक सरता सरता मशीनचे मुख्य इलेक्ट्रॉनिक कार्ड जळले. शेठ म्हणाले, “साहेब, कार्ड मिळतं का बघा. नाहीतर काढून टाकू.” मशीन गेले तर त्यावरची माणसेही जाणार, हे त्यांनी सांगायची गरज नव्हती. ऑपरेटरची दोन्ही मुले जवळच्या डोकमर्डीतून शाळेत जात होती.

जपानमधल्या विक्रेत्याला मी ईमेल केली. उत्तरात फक्त एका वेबपानाचा पत्ता आला. पान उघडले, पण आमच्या संगणकात जपानी अक्षरे नसल्याने त्यावर नुसते चौकोन उमटले. शाबूत होता तो वरचा पत्ता: आमच्या मशीनचा मॉडेल क्रमांक, आणि त्यापुढे %BD%B8 अशी रांग.

ऑपरेटर माझ्या खुर्चीमागे उभा होता. “एवढे टक्के? पगारवाढीला शेठने कधी दिले नाहीत.”

“थांबा भाऊ, यात अक्षरं आहेत.”

आमच्या जपानी प्रिंटरच्या पुस्तिकेत शेवटी काताकानाचा तक्ता होता, प्रत्येक अक्षरासमोर त्याचा संकेत. टक्क्याच्या खुणेनंतरची दोन चिन्हे म्हणजे एक अक्षर, हे मला उमगले आणि मी हरखलो. आज त्या हरखण्याचीच मला लाज वाटते. एका माणसाचा संसार त्या रांगेत अडकला होता आणि मी कोडे सुटल्याच्या आनंदात होतो.

कागदावर मी एकेक अक्षर काढू लागलो. सु. कु. रा. मग छोटे त्सु, जे पुढच्या अक्षरावर जोर देते. मागून तो कागदावर वाकला. ती अक्षरे तो रोज पाहत होता, डब्यावर, स्वतःच्या ‘भंगार’च्या वर.

“राहू द्या, साहेब,” तो हळूच म्हणाला. “कळलं.”

मी राहू दिले नाही. ‘फु’ काढले. शेवटचा संकेत होता फक्त एका छोट्या वर्तुळाचा, ज्याने ‘फु’चा ‘पु’ होतो. शब्द दोघांनाही कळून चुकला होता: ‘सुकुराप्पु’, म्हणजे स्क्रॅप. ते वर्तुळ काढून कोणाचेही काही भले होणार नव्हते. तरीही मी ते काढले, नीट, गोल.

“अक्षर चांगलंय तुमचं,” तो म्हणाला आणि खात्यात परत गेला.

पुढे विक्रेत्याच्या फॅक्सनेही तेच सांगितले: हे मॉडेल भंगारात निघाले, कार्ड मिळणार नाही. मशीन गॅसकटरने कापून नेले. तो कुटुंबासह धुळ्याकडे परतला; पुन्हा भेट झाली नाही. जाण्याआधी त्याने डबा रिकामा करून, पुसून, माझ्या टेबलापाशी आणून ठेवला होता. मी त्यात काहीच टाकू शकलो नाही.