मालनबाईंनी काढलेली मिरवणूक

हैदराबादेत, बरकतपुऱ्यात लिंडनर नावाचा एक जर्मन सिनेमावाला राहायचा. नोकरी कुठल्याच कंपनीची नाही, सगळा कारभार आपल्या मर्जीचा. जहागीरदारांच्या शिकारीपासून मुलांना देवी टोचण्यापर्यंत वाटेल त्याची फिल्म काढी. एका विनोदी चित्रपटात तर स्वतःच दाढी लावून हकीम झाला होता. फिल्म कापून जोडायचे काम तेवढे मालनबाईंकडे. मालनबाई विधवा, गौलीगुड्यात धाकट्या भावाच्या घरी राहणाऱ्या. शिवणकामावर हात बसलेला, त्यामुळे हेही पटकन जमले.

अठ्ठेचाळीसच्या उन्हाळ्यात रझाकार आले. त्यांना आपल्या कवायतीची फिल्म हवी होती.

"परेड नक्को," लिंडनर म्हणाला. "तिकडच्या परेडींपायीच तर माझा मुलूख सोडला मी."

त्यांनी मोठा कॅमेरा अंगणात आपटून फोडला. पलंगाखाली होता तो लहान, चावीचा कॅमेरा वाचला.

सप्टेंबरात भारताची फौज आली, निजामाचे राज्य गेले. सत्याग्रहात पकडलेले मालनबाईंचे हे धाकटे भाऊ हिम्मतराव तुरुंगातून सुटले. नारायणगुड्यात विजयाची मिरवणूक ठरली आणि पुढाऱ्यांनी लिंडनरला बोलावणे धाडले. त्याने पुन्हा नकार दिला.

मालनबाई भडकल्या. "साहेब, ते वेगळे होते. ही आमची माणसं आहेत!"

"मला सगळे झेंडे सारखेच दिसतात, बाई."

"तुम्हाला दिसत असतील. मला नाही."

लिंडनरने लहान कॅमेऱ्याला चावी देऊन तो त्यांच्या हातात ठेवला. "मग तुम्ही काढा."

मालनबाई एका टांग्यावर चढल्या. बाईमाणसाच्या हातात कॅमेरा बघून लोक हसले. कॅमेरा पहिल्यांदाच धरलेला. फिल्म धुतल्यावर निम्म्यात नुसते आभाळ निघाले. पण हिम्मतराव स्वच्छ आले होते. त्यांच्यामागे, बंद दुकानाच्या फळीआडून एक म्हातारा मुसलमान अत्तरवाला भेदरून बघत होता. काढताना तो मालनबाईंना दिसलाच नव्हता.

"एवढा म्हाताऱ्याचा तुकडा कापा," पुढारी भगवंतराव म्हणाले.

मालनबाईंनी कात्री उचलली, पुन्हा खाली ठेवली. "तो तिथं होता," त्या म्हणाल्या. "राहू द्या."

मग ती फिल्म पुढाऱ्यांच्या सभेत दाखवली गेली नाही. पुढच्या वर्षी लिंडनर कोलंबोला गेला, जाताना कॅमेरा बाईंना देऊन. त्यांनी पुढे बरीच वर्षे लग्ने, जत्रा, शाळांची संमेलने टिपली.

मिरवणूक एकदाच, घरच्या भिंतीवर पाहिली गेली. हिम्मतराव पुढे सरकून बघत राहिले.

"किती वाळलो होतो गं मी," ते म्हणाले.