उतारावर अडणारा पवळ्या

शिंदखेड्याच्या आसपास कुणाचा बैल अडला की लोक म्हणायचे, सुपडूआबांकडे न्या. आबा आमचे शेजारी, साधे कोरडवाहू शेतकरी. पण जनावराचे कान, डोळे, उभं राहणं बघून त्याचं काय बिनसलंय ते सांगायचे. जू लागतंय, नाहीतर खूर दुखतोय, आणि बहुतेक वेळा तेच निघायचं. चाबूक त्यांच्या घरात नव्हताच.

चोपन्न सालच्या माघात त्यांचाच पवळ्या अडायला लागला. या बैलावर आबांचा भारी जीव. जिनिंगमधून आणलेली सरकी स्वतः भिजवून चारायचे. पवळ्या सपाटीला चालायचा, चढही चढायचा. उतार आला की मात्र पाय रोवून उभा. खाणंही जरा कमी झालेलं. आबांनी खूर तपासले, खांदा तपासला, जू बदललं. काही सापडेना.

बाजाराच्या दिवशी नाल्याच्या उतारावर पवळ्या अडला आणि मागे गावभरच्या गाड्या खोळंबल्या. माझ्या जिभेला कधी हाड नव्हतंच. मी ओरडलो, "आबा, तुम्हनाच बैल अडना का?"

सगळे फिदीफिदी हसले. आबांचा चेहरा उतरला. त्यांनी माझ्याच गाडीतला चाबूक घेतला आणि पवळ्याला सपासप मारलं. बैल कण्हत कण्हत उतरला, नाल्यात गुडघ्यांवर बसला आणि तिथेच गेला.

साथीचा संशय नको म्हणून गुरांच्या डॉक्टरांनी पोट फाडून पाहिलं. बोटभर तार पोटातून काळजात रुतलेली निघाली.

"सरकीतून गेली असणार," डॉक्टर म्हणाले. "उतारावर पोटाचा भार पुढे येतो, तार जास्त टोचते. म्हणून तो अडायचा."

आबांनी ती तार हातात घेतली. "त्यानी माले म्हैनाभर सांगं," ते म्हणाले, "आन् मी त्याले लोके हासनात म्हनीसन मारं."

त्यानंतर आबांनी कुणाचंच जनावर पाहिलं नाही. माझं मन मला रात्रंदिवस खात होतं. माफी मागायला तोंड नव्हतं, म्हणून वर्षभराने एक सोंग केलं. माझा बैल त्यांच्या अंगणात नेला आणि म्हटलं, "आबा, हाऊ बी अडस. दखा ना जरा."

बैल धडधाकट होता. एकदा नजर टाकली असती तरी माझं खोटं त्यांना कळलं असतं.

आबांनी मान वर केली नाही. "अरे वना," ते मला म्हणाले, "माले जनावरमातलं काही समजस नही."