परसातला देव

माझं घर ज्यानं कोर्टातून घेतलं, त्याचं नाव मी तोंडानं घेत नाही. साताऱ्याकडचा, मार्केटात पोती उचलणारा माणूस. घर विकायचा करार मी केला होता, पुढं माझं मन फिरलं, म्हणून तो बेलापूरच्या कोर्टात गेला. तारखेला आला की आधी कोर्टाच्या पायरीला हात लावायचा आणि पंख्याखालची जागा मला द्यायचा.

"हितं बसा, मामा. भांडण वकिलांचं हाय."

मी बसायचो. तोंड फिरवून.

जज्जसाहेब म्हणाले, करार केलाय तर घर द्या. परसात आमचा शेंदराचा देव. नवा तांदूळ आला की पहिला भात त्याला, मग आम्हाला. करारात त्याचा शब्दही नव्हता, तोही घराबरोबर गेला.

ताबा घेताना तो म्हणाला, "देव हितंच ऱ्हाऊ द्या. मागनं भिंतीत दार पाडतो. कवाबी या."

"माझ्या देवाला तू काय परवानगी देतोस रे?"

दार त्यानं पाडलंच. पण मी मागच्या दारानं जाणारा माणूस नाय. भाताचं ताट घेऊन पुढूनच शिरतो. तो खुर्ची सरकवून उभा राहतो, आणि मी परत जाईपर्यंत बसत नाही.