नरतुरंगाला मांडी नसते

मी मुद्रितशोधक. लोकांच्या वेलांट्या दुरुस्त करता करता डोळे गेले, आता स्वभावही गेलाय म्हणतात. म्हणोत बापडे.

आमच्या प्रकाशनात एक लेखिका आहेत. कमरेच्या वर माणूस, खाली घोडा, अशा नरतुरंगांच्या प्रेमकथा लिहितात. चौदा पुस्तकं झाली. ऑफिसात त्यांना घोडेबाई म्हणतात, अर्थात त्यांच्या माघारी. मीही म्हणायचो, पण त्यांच्या लिखाणात कधी चूक सापडली नाही. समोरून मिठी मारायची तर गुडघ्यावर गुडघे आपटणार, म्हणून त्यांची जोडपी खांद्याला खांदा लावून उभी राहतात. रुसली तरी उभी, झोपली तरी उभी. सगळा संसार उभ्यानंच.

पंधराव्या पुस्तकाच्या शेवटच्या पानावर मात्र वाक्य आलं, 'त्याने तिच्या मांडीवर डोके टेकले.' अहो, चार पायांच्या बाईला मांडी घालता येते होय? मालकांनी ते वाचलं आणि म्हणाले, बाई थकल्या, आता ही मालिका बंद करू. मी म्हटलं, एक दिवस द्या, दुरुस्त करून आणतो. नसती उठाठेव, पण बाईंच्या इतक्या वर्षांच्या कष्टांवर पाणी पडलेलं बघवेना.

दुपारी त्यांच्या घरी गेलो. तिसरा मजला, माझ्या गुडघ्यांची वाट लागली. बाई पलंगावर मांडी घालून बसलेल्या, मांडीवर नवऱ्याचं डोकं, बाजूच्या उशीवर कागद. दोन वर्षं यांना कशाची ओळख नाही, म्हणाल्या. मांडी काढली की घाबरतात, म्हणून लिखाणही असंच चालतं.

मी वाक्य दाखवलं. मालक काय म्हणाले तेही सांगितलं. बाईंचा चेहरा उतरला. दिवसभरात माझं म्हणावं असं हे लिखाण तेवढंच आहे हो, असं काहीसं पुटपुटल्या. मग नवऱ्याच्या केसांतून हात फिरवत राहिल्या.

"चौतीस वर्षांच्या संसारात हे कधी माझ्या मांडीवर टेकले नाहीत," त्या म्हणाल्या. "आता टेकतात, तर मी कोण ते यांना ठाऊक नाही. म्हणून चुकलं असेल."

मला फार वाईट वाटलं. दुरुस्तीला मागची प्रकरणं बघायला हवी होती, ती टेबलावर. मग मीच पलंगावर बसलो आणि त्यांच्या नवऱ्याचं डोकं अलगद माझ्या मांडीवर घेतलं. बाई टेबलाशी जाऊन लिहू लागल्या. पाचेक मिनिटं बरी गेली. मग नवऱ्यानं डोळे उघडले, माझ्याकडे बघून छान हसले.

"चिमे, आलीस?"

बाई ताडकन उठून आल्या. दोन वर्षांत त्यांना या नावानं कुणी हाक मारली नव्हती. पण त्या जवळ येताच नवऱ्याची नजर बावरली, माझा हात त्यांनी घट्ट धरला. बाई दोन पावलं मागे सरल्या.

"हो म्हणा," त्या हळूच म्हणाल्या.

तीस वर्षं मी लोकांचं लिंग-वचन सुधारत आलोय.

"आले," मी म्हणालो.