सोफ्याच्या जागेवरचं ऊन

घरातला पहिला पदवीधर मी झालो, तो गणिताच्या शेलार बाईंमुळे. गणित सुटलं तरी त्या वही पुढे सरकवून म्हणायच्या, "उत्तराखाली लिही, याचा अर्थ काय?"

आज सकाळी नव्या घरात ऊन थेट समोरच्या भिंतीपर्यंत आलं. सोफाच नाही, मग त्याला अडवणार कोण? ते पाहताना घराच्या कर्जासाठी बँकेत गेलो तो दिवस आठवला. "वीस वर्षं घ्या, हप्ता हलका बसेल," साहेब म्हणाले होते. घरी येऊन मी सगळ्या हप्त्यांची बेरीज केली आणि सवयीनं खाली अर्थ लिहिला: एका घरासाठी दोन घरांचे पैसे.

"मग दुसऱ्या घरात कोण राहणार?" बायकोनं विचारलं.

"व्याज."

"त्याला म्हणावं, तुझी सोय तू बघ!"

आम्ही मुदत निम्मी केली. हप्ता जड झाला, सोफा लांबणीवर पडला. पण हलकं ओझंसुद्धा किती लांब वाहायचं, हे उचलण्याआधी विचारावं. ऊन सतरंजीवर निवांत पसरलं होतं.

दुपारी बाईंना पत्र टाकलं:

"आदरणीय बाई, घर घेतलं. अर्थ आधी लिहिला, सही नंतर केली. जेवायला या. बसायला सतरंजी आहे, आणि तिच्यावर भरपूर ऊन."