ओढ्याकडचं फाटक

ही गोष्ट आजवर माझ्या तोंडून बाहेर पडलेली नाही. नवऱ्याजवळ नाही, आईजवळ नाही. दोनतीनदा अगदी ओठांवर आली — आणि मी गिळून टाकली. आज तुम्हाला सांगतेय. शेवटपर्यंत सांगेन की नाही, माझं मलाच ठाऊक नाही.

आमच्या बुलढाण्यात वस्ती संपते तिथे, ओढ्याकाठी, निसर्ग उद्यान केलंय. भोवती तारेची जाळी, आत पायवाट, कडुनिंब, बांबू. मागच्या बाजूला ओढ्यात उतरायला लोखंडी फाटक. रुखसाना आणि मी रोज सकाळी तिथे फिरायला जायचो. ती माझी शेजारीण, शिवणकाम करायची. माझ्या दोन्ही बाळंतपणांत माझ्या घरचा स्वयंपाक तिनं सांभाळला — हे आधीच सांगून ठेवते. नंतर धीर होणार नाही.

हिवाळ्याचे दिवस होते. ओढ्यापलीकडे बोरं पिकली होती. चौकीदार भगवानभाऊ म्हणाले, "तिकडं नका जाऊ बाई, अस्वलं उतरतेत बोरं खायले." रुखसानाही नको म्हणत होती, तिचे गुडघे दुखायचे. मीच तिला ओढत नेलं. पण माझा अपराध हा नव्हे. एवढाच असता, तर कुणाजवळ तरी बोलून मी केव्हाच मोकळी झाले असते.

बोरीखाली आम्ही वाकलो होतो. झुडपात काहीतरी फुरफुरलं. मान वर केली तर अस्वल — काळं, केसाळ, अगदी जवळ. आम्ही पळालो. मी पुढे, ती मागे. मी फाटकातून आत शिरले, फाटक ओढलं, कडी घातली.

घाबरून घातली? हो. पण घातली तेव्हा ती बाहेर आहे, हे मला माहीत होतं.

ती फाटकाशी आली. गजांत बोटं अडकवली. तिचं तोंड माझ्या तोंडासमोर — घामेजलेलं, ओढणी कुठेतरी पडलेली. "कडी काढ वं सुनंदा. काढ वं."

माझा हात कडीवरच होता. लोकांना वाटतं, अशा वेळी माणसाला काही सुचत नाही. मला सगळं सुचत होतं. उघडलं तर ते आत येईल, एवढा विचार मी नीट केला. मी कडी काढत नव्हते. मी ती दाबून धरली होती.

अस्वलानं तिला मागून धरलं.

किती वेळ गेला, मला सांगता येत नाही. लांबून भगवानभाऊ डबा बडवत, ओरडत धावले. त्या आवाजानं अस्वल निघून गेलं. भगवानभाऊ पोचायच्या आत मी कडी काढली. एका झटक्यात निघाली.

दवाखान्यात तिच्या नवऱ्यानं मला विचारलं — काय झालं? माझ्या आधी खाटेवरून तीच बोलली. "कडी अटकली होती. इनं लय जोर लावला बिचारीनं, निघालीच नाही."

कडीवर जोर लावलेला माझा हात तिनं पाहिला होता. त्याचा तिनं हा अर्थ लावला. दुसरा अर्थ तिच्या मनात कधीच आला नसेल? मी मान डोलावली. नुसती मान — खोटं बोलायला तेवढीही पुरते.

मग चौकशी झाली. फाटकाची निगा राखली नाही म्हणून भगवानभाऊंना कामावरून काढलं. "कडीले परवाच तेल देल्लं होतं मी," ते भेटेल त्याला सांगत होते. एकदा मलाही सांगितलं. सांगून माझ्याकडे पाहत राहिले. मी म्हणाले, "असंल हो भाऊ, पण निघाली नाही." त्यानंतर ते माझ्याशी बोलले नाहीत.

रुखसानाचा उजवा हात आता खांद्याच्या वर जात नाही. शिलाई मशीन विकली. फिरायला आम्ही अजून जातो — ती येते, म्हणून मला जावं लागतं.

यंदा तिच्या मुलाचं लग्न झालं. ईदेला मी तिच्या घरी गेले, तर तिनं डाव्या हातानं मला धरून नव्या सुनेपुढे बसवलं. "ही सुनंदा. त्या दिवशी ही होती म्हणून मी वाचली. सलाम कर इले."

पोरीनं डोक्यावरून ओढणी घेतली, वाकून सलाम केला. मी तिच्या डोक्यावर हात ठेवला. तिनं शिरखुर्मा आणून दिला. मी तो खाल्ला. रुखसानानं आणखी वाढला, तोही खाल्ला.